आठी

पद्मजा आरवाडेच्या दोन भुवयांच्या मधोमध एक उभी आठी होती. ती वयामुळे पडलेली नव्हती. शाळेतल्या वर्गाच्या फोटोतही ती होतीच. बाकी सगळ्या मुली कॅमेऱ्याकडे बघून हसत होत्या आणि पद्मजा मात्र फोटोग्राफरनं आपलं काहीतरी लांबवलंय अशा नजरेनं त्याच्याकडे बघत होती. भुवयांचं हाड पुढे आलेलं, जबडा रुंद, ओठ मिटले की कोपरे खाली वळायचे. सांगलीतल्या एका कॉलेजात ती इतिहास शिकवायची. मुलं तिला घाबरायची, बरोबरचे प्राध्यापक तिला टाळायचे, आणि या दोन्हींचं तिला काही वाटत नसे. फटकळ ती होतीच. लग्न केलं नव्हतं. आई गेल्यावर वडिलांना, जिनपाल अण्णांना, तिनं विश्रामबागेतल्या आपल्या घरी आणलं. पुढे अण्णांना पक्षाघाताचा झटका आला, उजवी बाजू लुळी पडली, वाचा गेली. तेव्हापासून त्यांचं अंघोळ-पाणी, जैन रिवाजानं दिवस मावळायच्या आतलं जेवण, औषधं, सगळं तीच करत होती.

ज्येष्ठ नागरिक सुरक्षा कक्षाचा अधिकारी दारात आला तेव्हाही ती अण्णांना आंबील भरवत होती. तेजस पोवार त्याचं नाव. तिशीतला, नीटनेटका, हातात टॅब.

"मॅडम, तुमच्याकडे येणाऱ्या फिजिओथेरपिस्टनं कळवलंय. वडिलांच्या दंडावर आणि पाठीवर काळेनिळे डाग आहेत."

"माहीत आहे. मीच दाखवले त्यांना."

"कशानं झाले?"

"ते मला कळलं असतं तर दाखवले कशाला असते? डॉक्टर पाठवा."

"डॉक्टर नंतर. आधी तुमची तपासणी." त्यानं टॅब टेबलावर उभा करून त्यावर 'मुखवेध' सुरू केलं. "कॅमेऱ्याकडे बघायचं आणि फक्त उत्तरं द्यायची. वडिलांचा कधी राग येतो का तुम्हाला?"

"येतो."

"कधी हात उचलावासा वाटला?"

"तुमच्यावर वाटतोय आत्ता."

पोवार हसला नाही. टॅबच्या काचेवर लाल पट्टी उमटली होती, तिच्याकडे बघत तो म्हणाला, "लाल आलंय मॅडम. आजपासून वडील दुसऱ्या नातेवाइकाकडे राहतील. धाकट्या बहिणीचं नाव आहे आमच्याकडे. त्या हिरव्यात आहेत."

धाकटी त्रिशला संध्याकाळच्या आत गाडी घेऊन आली. अण्णांना खुर्चीतून उचलून गाडीत बसवलं तेव्हा त्यांनी पद्मजाकडे पाहिलं. संतापानं तिचा चेहरा दगडासारखा झाला होता. अण्णांना शब्द कळत नव्हते, पण ते तोंड त्यांना कळलं. ते लहान मुलासारखे रडायला लागले. गाडी गेली तरी ती फाटकाशी उभीच होती.

दुसऱ्या दिवशी तिनं वर्गात ठरलेला धडा बाजूला ठेवला.

"चेहऱ्यावरून माणूस ओळखायचा नाद फार जुना आहे," तिनं सुरुवात केली. "आपल्याकडे सामुद्रिकवाले कपाळावरच्या रेषा बघून आयुष्य सांगायचे, अब्रू सांगायचे. ग्रीक लोक माणसाचं तोंड जनावराशी ताडून बघायचे. सिंहासारखा दिसला की शूर, कोल्ह्यासारखा दिसला की लबाड. अठराव्या शतकात एका स्विस धर्मोपदेशकानं नाकाच्या आणि हनुवटीच्या बाह्यरेषेवरून सद्गुण ओळखायची फॅशन युरोपभर पसरवली. पुढच्या शतकात एका इटालियन डॉक्टरानं मेलेल्या दरोडेखोराची कवटी उघडली आणि जाहीर करून टाकलं, की गुन्हेगार जन्मतःच घडलेला असतो, जबड्यावरून ओळखू येतो. इथं साहेबानं लोकांची नाकं मोजली. १८७१ साली त्यानं कायदा केला आणि अख्ख्या जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरवल्या. अजून न जन्मलेलं पोरही त्यात आलं. त्या लोकांची नातवंडं-पतवंडं आजही सुटलेली नाहीत."

ती फळ्यापर्यंत जाऊन परत वळली.

"एका इंग्रज गृहस्थानं तर कैद्यांचे फोटो एकावर एक छापले. त्याला वाटलं, खलपुरुषाचा अस्सल चेहरा उमटेल. उमटला एक बऱ्यापैकी देखणा, साधा माणूस. एकेकाच्या तोंडावर जो काही दुष्टपणा त्याला दिसत होता, तो सगळे एकत्र केल्यावर कुठल्या कुठे गेला. पण त्यातून कुणी काही शिकलं नाही."

"मॅडम, 'मुखवेध' तर हाडं मोजत नाही," पुढच्या बाकावरची मुलगी म्हणाली.

"नाही मोजत, म्हणून तर त्याला विज्ञान म्हणतात. ते कातडीखालचे स्नायू बघतं. प्रश्न कानावर पडल्यापासून उत्तर तोंडातून निघेपर्यंत भुवई किती आकसली, ओठाचा कोपरा किती ताणला गेला. आपल्या डोळ्यांना दिसणारच नाही इतकी बारीक हालचाल. लाखो लोकांच्या अशा चित्रफिती त्याला दाखवल्या आणि सोबत सांगितलं, की यातल्या कुणाविरुद्ध पुढे तक्रार झाली, कुणाला शिक्षा झाली. त्यावरून ते शिकलं."

"मग ते बरोबरच असणार ना?"

"तक्रार कुणाविरुद्ध होते? ज्याचं तोंड लोकांना आवडत नाही, त्याच्याविरुद्ध. लोकांच्या मनातला आकस यंत्रानं पाठ केला. आता तोच आकस ते आकडा म्हणून लोकांना परत देतं, आणि लोक म्हणतात, बघा, आम्ही म्हणत नव्हतो?"

मागच्या बाकावरून एक मुलगा उठला. "मॅडम, तुम्ही लालमध्ये आलात म्हणून असं म्हणताय का?"

बातमी कॉलेजात पोचली होती तर. पद्मजानं त्याच्याकडे शांतपणे पाहिलं. "हो. म्हणूनच आज जरा नीट शिकवता येतंय. बस खाली."

तास संपायच्या आत प्राचार्यांचं बोलावणं आलं. काही दिवस रजा घ्या, असं त्यांनी सुचवलं. सुचवताना ते तिच्या आठीकडे बघत होते, डोळ्यांकडे नाही.

आठवड्यातून एकदा, त्रिशलाच्या समोर, तासभर अण्णांना भेटायची पद्मजाला परवानगी होती. पहिली भेट मिळायलाच दोन आठवडे गेले, आणि त्या भेटीत तिला अण्णा वाळलेले दिसले.

"खात नाहीत," त्रिशला म्हणाली. "चमचा पुढे केला की तोंड फिरवतात. मी सगळं करून बघितलं."

तिचं कपाळ काचेसारखं गुळगुळीत होतं. गेल्या वर्षापासून ती आणि तिचा नवरा सन्मती चौगुले, दोघंही भुवयांमध्ये सुई घेत होते. सांगलीत तेव्हा निम्म्या लोकांनी ती घ्यायला सुरुवात केली होती. स्नायू लुळा पडला की यंत्राला त्यात राग दिसायचा नाही. नोकरी, घरभाडं, शाळेतला प्रवेश, सगळीकडे 'मुखवेध' लागत असल्यानं माणसं कपाळं सपाट करून घेत होती. भांडणं थांबली नव्हती. ती आता सपाट कपाळांनी होत होती इतकंच.

अण्णांच्या अंगावरची शाल सावरताना पद्मजाचा हात थांबला. सदरा वर सरकला होता आणि बरगडीवर तळहाताएवढा काळा डाग होता. ताजा.

"हा कधी पडला?"

त्रिशलानं सदरा खाली ओढला. "कसला?"

"त्रिशला, अण्णांना माझ्याकडून आणून दोन आठवडे होऊन गेले. हा डाग माझा नाही."

"मग काय आम्ही मारलं म्हणायचंय तुला?"

"नाही. तुम्ही मारलं नाही आणि मीही मारलं नव्हतं. आपोआप पडतायत ते. तुला कळलंय हे. कधी कळलं?"

त्रिशला उठून खिडकीशी गेली. मग म्हणाली, "सन्मती सुई घेऊनही पिवळ्याच्या वर जात नाहीत. बँकेत त्यांच्या डोक्यावर टांगती तलवार आहे. या घरातल्या म्हाताऱ्याच्या अंगावर डाग आहेत असं मी कळवलं, की ते लालमध्ये गेले. नोकरी गेली. मुलांची शाळा गेली."

"म्हणून मी लालमध्ये राहायचं."

"तुला काय फरक पडतो, अक्का? तुझ्यामागे कोण आहे? आणि तुझ्या तोंडावर ते शोभतं तरी."

हे बोलताना तिच्या चेहऱ्यावरची एक रेषही हलली नाही. ती चिडून बोलली, घाबरून बोलली की सहज, हे पद्मजाला ओळखताच येईना. सख्ख्या बहिणीचा चेहरा वाचता न येण्याची ही तिची पहिलीच वेळ होती. त्या बोलण्यापेक्षा तेच तिला जास्त लागलं.

"गाडी काढ," ती म्हणाली. "अण्णांना आत्ता मिरजेला न्यायचं. नाहीतर पोवारला मी इथूनच फोन लावते आणि हा डाग दाखवते."

"तू असं करणार नाहीस."

"माझ्या तोंडाकडे बघ आणि ठरव."

त्रिशलानं गाडी काढली.

मिरजेच्या डॉ. फरजाना मुजावर यांनी डाग पाहिले, औषधांच्या गोळ्या टेबलावर ओतायला लावल्या आणि त्यातल्या दोन बाजूला काढल्या.

"ही रक्त पातळ ठेवणारी. झटक्यानंतर चालू केलेली. आणि ही लघवीच्या संसर्गासाठी, दुसऱ्या डॉक्टरांनी दिलेली. हिच्यामुळे पहिलीचा जोर वाढतो. रक्त इतकं पातळ झालंय, की कूस बदलायला नुसता हात लावला तरी आत फुटतं आणि डाग पडतो. कुणी मारायची गरज नाही." त्यांनी रक्ताचा रिपोर्ट पुन्हा एकदा पाहिला. "डागांचं सोडा. हे डोक्यात झालं असतं तर हाती लागले नसते. डाग पहिल्यांदा दिसले तेव्हाच का नाही आणलंत?"

पद्मजानं टेबलावरच्या गोळ्या गोळा केल्या, त्रिशलानं अण्णांचा सदरा सारखा केला.

औषध बदललं. डाग हिरवट झाले, पिवळे झाले, मावळले. डॉ. मुजावरांचा दाखला घेऊन पद्मजा पोवारच्या कचेरीत गेली.

त्यानं तो नीट वाचला. "छान. म्हणजे डागांची तक्रार मिटली."

"मग अण्णांना कधी घेऊन जाऊ?"

"ते कसं शक्य आहे? तुमचा रंग लालच आहे."

"मी काही केलेलं नाही, हे तुमच्या हातात आहे ना?"

"केलं नाहीत, हे सिद्ध झालं, मॅडम. कराल की नाही, हा प्रश्न वेगळा आहे. 'मुखवेध' पुढचं सांगतं."

पद्मजाला वाटलं, हा टॅब उचलून याच्या डोक्यात घालावा. आणि तसं वाटलं त्या क्षणी तिला हेही कळलं, की समोरच्या कॅमेऱ्यात तेही टिपलं गेलं असणार. महिनाभर शेजाऱ्यांनी तिला बघून दारं लावली होती. वाण्यानं सुटे पैसे हातात द्यायच्या ऐवजी काउंटरवर ठेवले होते. त्या सगळ्यानं तिची आठी आधीपेक्षा खोल झाली होती. यंत्रानं जे म्हटलं ते खरं करायला अख्खं गाव कामाला लागलं होतं.

पोवारनं इकडेतिकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. "सुई घ्या ना. चार-पाच महिने टिकते. मीही घेतो. इथं सगळेच घेतात."

"म्हणजे तुम्हाला माहीत आहे की हे खोटं आहे."

"मला माझी नोकरी माहीत आहे," पोवार म्हणाला.

तिनं त्याला तोंडावर दोन शिव्या हासडल्या आणि निघून आली. पण पुढच्या भेटीत अण्णांची मनगटं चिमटीत मावतील इतकी बारीक झाली होती. सलाइन लावायची पाळी आली होती. त्याच आठवड्यात ती कपाळ पुढे करून दवाखान्याच्या खुर्चीत बसली. शेजारच्या खुर्चीत एक बाई आपल्या शाळकरी मुलीला दामटून बसवत होती, मुलगी रडत होती, आणि बाईचा चेहरा तळ्यासारखा शांत होता.

पुढच्या तपासणीत पद्मजा हिरव्यात आली. अण्णा घरी आले.

तिनं स्वतःच्या हातानं आंबील केली. त्यांच्या समोर बसली. चमचा पुढे केला. अण्णांनी तिच्याकडे पाहिलं, बराच वेळ पाहिलं, आणि तोंड फिरवलं. तिनं पुन्हा चमचा नेला. त्यांनी डाव्या हातानं तो उडवला आणि मान वळवून दाराकडे बघत राहिले, जणू खरी पद्मजा तिकडून यायची होती.

चार दिवस हेच चाललं. शेवटी तिनं डॉ. मुजावरांना घरी बोलावलं. त्यांनी अण्णांना तपासलं, मग पद्मजाच्या कपाळावर बोट ठेवलं.

"शब्द गेलेला माणूस आवाजाच्या चढ-उतारावर आणि समोरच्याच्या चेहऱ्यावर जगतो," त्या म्हणाल्या. "आपल्यापेक्षा त्याला ते जास्त कळतं. तुमचे ओठ हलतात, आणि वर काहीच घडत नाही. धाकटीचंही तेच. त्यांच्या दृष्टीनं मुखवटे घातलेल्या दोन बायका त्यांच्या तोंडात काहीतरी कोंबतायत. मी असते तर मीही खाल्लं नसतं."

"आता काय करू?"

"वाट बघा. उतरेल. तोवर आवाजावर भर द्या."

पद्मजाला गोड बोलायची सवय नव्हती. ती अण्णांना पूर्वीसारखीच रागावायला लागली. "अण्णा, नाटकं बास. गिळा." त्या आवाजानं त्यांनी मान वळवली. डोळे मिटून घेतले आणि तोंड उघडलं. डोळे मिटून ते थोडं थोडं खाऊ लागले.

सुई घ्यायची पुढची तारीख आली तेव्हा दवाखान्यातून दोनदा फोन आला. ती गेली नाही. तपासणीत लाल येणार, पोवार गाडी घेऊन येणार, हे तिला ठाऊक होतं. वकिलाशी तिनं बोलून ठेवलं. वकील म्हणाला, हरणार. ती म्हणाली, हरू, पण त्यांना दारातून आत शिरायला त्रास तर होईल. हळूहळू कपाळ जागं झालं. आधी डावीकडून भुवई किंचित आकसली, मग उजवीकडून. एका सकाळी अण्णांनी दूध सांडलं, तिनं वैतागून त्यांच्याकडे पाहिलं, आणि अण्णा अर्ध्या तोंडानं हसले. हसता हसता त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. त्या दिवशी ते डोळे उघडे ठेवून जेवले.

तपासणीला पोवार आला तो उतरलेल्या चेहऱ्यानं. चेहरा उतरला होता हे त्याच्या खांद्यांवरून कळत होतं. कपाळ अजून सपाटच होतं. त्यानं टॅब उभा केला.

"वडिलांचा कधी राग येतो?"

"काल आला होता. गोळी थुंकली म्हणून."

"हात उचलावासा वाटला?"

"नाही. रागावले, मग दुसरी गोळी दिली."

पट्टी हिरवी झाली. पद्मजानं पट्टीकडे आणि मग त्याच्याकडे पाहिलं.

"नवीन आवृत्ती आलीय," पोवार म्हणाला. "इतक्या लोकांनी सुई घेतली, की जुन्या यंत्राला सगळेच हिरवे दिसायला लागले. म्हणून कंपनीनं आता उलटं धरलंय. जो स्नायू हलायला हवा तो हलत नसेल, तर माणूस काहीतरी लपवतोय. ज्यांचं कपाळ हलतं ते सगळे हिरवे. अभिनंदन, मॅडम."

"कशाबद्दल? मी तीच बाई आहे." लाल पट्टीनं तिचा जेवढा अपमान झाला होता, तेवढाच या हिरव्या पट्टीनं झाला. "तुमचं काय आलं?"

"माझी तपासणी परवा आहे." त्यानं नजर वळवली. "आणखी एक. तुमच्या बहिणीची काल झाली. लाल आलंय. आता त्यांना वडिलांना भेटायचं तर तुमची परवानगी लागेल. तुम्ही नको म्हणालात तर वर्षभर या दारात त्यांना पाऊल टाकता येणार नाही. बरेच लोक नकोच म्हणतात."

तुझ्या तोंडावर ते शोभतं तरी, हे वाक्य पद्मजाला जसंच्या तसं ऐकू आलं. एक शब्द, आणि त्रिशला फाटकाबाहेर. त्या विचारानं तिला बरं वाटलं, चांगलंच बरं वाटलं, आणि ते तिनं स्वतःपासून लपवलं नाही. मग तिनं टॅब उचलून पालथा ठेवला.

"येऊ दे तिला. रोज आली तरी चालेल."

"म्हणजे माफ केलंत?"

"मुळीच नाही. पण तिचं माझं जे भांडण आहे ते आमचं आहे. त्यात हे पंच म्हणून बसवायचं नाही. निघा आता."

त्रिशला दुसऱ्या दिवशी दुपारी आली. फाटकाशी थांबली, आत यावं की नाही अशी. सन्मतीला बँकेनं घरी बसवलं होतं. ती काय सोसत होती ते चेहऱ्यावर दिसत नव्हतं, पण पिशवीचे बंद तिनं इतके घट्ट पिळले होते, की बोटं पांढरी पडली होती.

"ये," पद्मजा म्हणाली.

अण्णांसमोर बसून त्रिशलानं चमचा पुढे केला. अण्णांनी तोंड फिरवलं. तिनं पुन्हा केला, त्यांनी पुन्हा फिरवलं. तिसऱ्यांदा तिनं चमचा वाटीत ठेवून दिला.

"तोंडासमोर बसू नकोस," पद्मजा म्हणाली. "बाजूला बस. त्यांचा डावा हात धर आणि काहीतरी बोल. लहानपणी त्यांच्याशी बोलायचीस तसं."

त्रिशला बाजूला सरकली. तिनं अण्णांचा हात धरला आणि बोलायला लागली. काय बोलत होती ते तिचं तिला तरी कळत होतं की नाही, कोण जाणे. आवाज मात्र फुटत होता. अण्णांनी कान दिला. मग तिच्या बोटांवरून आपला अंगठा फिरवला आणि न बघता तोंड उघडलं.

वाटी संपली. त्रिशला ती घासून पालथी घालून आली आणि दाराशी उभी राहिली.

"अक्का, त्या दिवशी मी..."

"ते मी विसरणार नाही," पद्मजा म्हणाली. "तू गप्प बसलीस. अण्णा त्यात गेले असते."

"माहीत आहे."

"उद्या लवकर ये. दिवस मावळायच्या आत त्यांचं जेवण व्हायला हवं."